'ज्याची त्याची आवड' म्हणजे काय?

नव्या सिनेमावर टीव्हीवर दोन समीक्षक हमरीतुमरीवर आले की घरात कुणीतरी म्हणतंच, 'जाऊ द्या हो, ज्याची त्याची आवड!' आणि तिथं बोलणंच संपतं. आम्हाला अडचण आहे ती या संपण्याची.

असा कार्यक्रम शिकागोत 1975 साली सुरू झाला. जीन सिस्केल आणि रॉजर ईबर्ट हे दोन प्रतिस्पर्धी वृत्तपत्रांचे समीक्षक. पुढे लोकांच्या लक्षात राहिला तो त्यांचा वर किंवा खाली केलेला अंगठा. आता अंगठ्याशी वाद कसा घालणार?

कांटने 1790 मध्ये एक भेद केला. 'मला आवडलं' म्हणणारा स्वतःपुरतं बोलतो. 'हे सुंदर आहे' म्हणणारा तुमचीही संमती मागतो, पण ती सिद्धतेनं मिळवू शकत नाही. मग वाद घालायचा कशाच्या जोरावर? त्याआधी ह्यूमने 'डॉन किहोते'तली एक गोष्ट सांगितली होती. दोघे वाइन चाखतात. एक म्हणतो कातड्याची चव लागते, दुसरा म्हणतो लोखंडाची. लोक हसतात. पिंप रिकामं झाल्यावर तळाशी चामडी वादी बांधलेली किल्ली सापडते! देवगडकरांना यात नवल नाही. बाहेरून देखणा हापूस, कापला की आत साका.

सिनेमा मात्र असा कापून दाखवता येत नाही. 'सैराट' घ्या. 29 एप्रिल 2016 ला आला, म्हणजे ऐन आंब्यात. आम्ही ठणकावून सांगितलं होतं, पूर्वार्ध फार लांबलाय, तीच ती प्रेमकथा, गाणी वर. एका मित्राचं म्हणणं वेगळं. तो म्हणाला, 'शेवटी ते लहान मूल रक्ताची पावलं उमटवत बाहेर येतं, तेव्हा आवाज नाही. ती शांतता तुम्हाला ऐकू कशामुळे आली? आधी अजय-अतुलचं एवढं संगीत कानात भरलं होतं म्हणूनच ना?'

आम्ही पुन्हा जाऊन पाहिला. खरं सांगायचं तर पूर्वार्ध आजही आम्हाला जरा लांबच वाटतो. आवड काही बदलली नाही. पण 'लांबलाय' हा शब्द दोष म्हणून उच्चारायला जीभ रेटेना.

हे आमच्या गळी उतरवायला मित्राला अख्खी संध्याकाळ लागली. टीव्हीवर दीड मिनिटात सूत्रसंचालक विचारतो, 'तर मग, किती स्टार?'