परगावची पंगत – भाग ९ : डबा बाहेरचा, वाइन आतली

भाईंदर पूर्वेला कुठल्याही हॉटेलात बसा, पाण्याचा ग्लास टेबलावर टेकायच्या आत वेटर विचारतो, "जैन की रेग्युलर?" आमच्याकडे पावभाजीच्या दोन आवृत्त्या, शेवपुरीच्या दोन, पिझ्झ्याच्याही दोन. हा प्रश्न इतका अंगवळणी पडलेला असतो की जगात इतरत्र तो कुणी विचारत नाही, हे परदेशात ताट पुढ्यात येईपर्यंत ध्यानात येत नाही.

इटलीतल्या बोलोन्यात आमच्या वहिनींच्या पुढ्यात ताट नव्हे, वाटी आली. कढत, पिवळसर रश्श्यात तरंगणाऱ्या नखाएवढ्या कणकेच्या पुड्या. वहिनींनी दोन खाल्ल्या. "भाऊजी, हे तर मोदकाचं पिल्लू आहे," म्हणाल्या. तिसरी चमच्यात असताना मला सुचलं आणि मी वाटाड्या मुलीला विचारलं, आत काय असतं? आत डुकराचं मांस असतं. रस्साही मांसाचाच असतो. वहिनींनी चमचा हळूच खाली ठेवला आणि पुढचा तासभर त्या फक्त पाव खात चालत राहिल्या. दोष सर्वस्वी माझा. खाद्यफेरीसाठी नाव नोंदवताना खाण्याच्या पथ्यांचा रकाना होता, त्यात मी स्वतःपुरता विचार करून 'काही नाही' असं लिहून मोकळा झालो होतो.

म्हणून हा भाग खाद्यफेरीवर. आपल्या मराठी सहल कंपन्यांबरोबर युरोप केलेल्यांना बस ठाऊक असते, 'उतरा, फोटो काढा, चढा' ठाऊक असतं, आणि संध्याकाळचा वरणभातही. तो वरणभात मी हसण्यावारी नेणार नाही. आठव्या दिवशी त्याची किंमत कळते. पण एक अर्धा दिवस बस सोडून पायी चालावं, असं माझं ठाम मत आहे. खाद्यफेरी म्हणजे दहाबारा माणसं, एक स्थानिक वाटाड्या, तीनेक तास, आणि पाचसहा दुकानं. प्रत्येक ठिकाणी दोन घास, कधी घोटभर वाइन. खाण्याचे पैसे फेरीच्या शुल्कातच धरलेले असतात. सकाळी नाश्ता करून गेलात तर फसाल. दोन दोन घासांचं शेवटी जेवण होतं.

आता बोलोन्याच का? रोमला इतिहास बघायचा असतो, व्हेनिसला पाणी. बोलोन्याला बघण्यासारखं काय, तर दुकानं. शहराची तीन टोपणनावं आहेत: विदुषी, लठ्ठ आणि लाल. विदुषी कारण इथलं विद्यापीठ परंपरेने 1088 सालचं मानतात. लाल कारण विटा आणि कौलं, आणि मागाहून राजकारणही. लठ्ठ कारण लोणी, डुकराची चरबी आणि अंडी. चालायला तर ह्या शहरासारखं शहर नाही. घरांच्या खालून कमानींचे झाकलेले पदपथ जातात, सगळे मिळून सुमारे 62 किलोमीटर. 2021 मध्ये युनेस्कोने त्यांना जागतिक वारशात घेतलं. धो धो पावसात छत्री न उघडता खरेदी करता येते. आमच्या स्टेशनबाहेर रिक्षा, गटार आणि फेरीवाला यांच्यामधून तिरपं चालायची सवय असलेल्या माणसाला आधी ह्या कमानींचाच हेवा वाटतो, मग खाण्याचा.

मुख्य चौकाला लागून जुन्या बाजाराच्या गल्ल्या आहेत, त्यांना क्वाद्रिलातेरो म्हणतात. जुने कारागीर आणि दुकानदार इथे धंद्यानुसार बसत. एका गल्लीचं नाव सोनारांवरून, एकीचं जुन्या मासळीबाजारावरून. त्या मासळीच्या गल्लीत मासळी अजूनही दिसते. फेरी बहुधा इथूनच सुरू होते, आणि पहिलं थांबणं असतं पास्ता करणाऱ्या बाईच्या काचेसमोर.

ह्या बाईला स्फोल्यीना म्हणतात. शंभर ग्रॅम मैद्याला एक अंडं, पाणी नाही. हाताएवढं लांब लाकडी लाटणं. ती गोळा लाटत नाही, ताणते. तळहाताच्या मागच्या बाजूने लाटण्यावरून पोळी सरकत जाते आणि बघता बघता टेबलाच्या दोन्ही कडांवरून खाली लोंबते. पोळी उजेडात धरली तर पलीकडची बोटं दिसायला हवीत, ही परीक्षा. आमच्या गटातले सगळे फोटो काढत होते. वहिनी मात्र काचेला नाक लावून तिच्या मनगटाकडे बघत होत्या. त्यांच्या आई खानदेशातल्या, हातावर मांडे करणाऱ्या. "हिचं मनगट दुखत असणार," एवढंच म्हणाल्या.

ह्याच पोळीच्या पट्ट्या कापल्या की ताल्यातेल्ले होतात. पट्टी किती रुंद असावी ह्यावर वाद नको म्हणून 1972 मध्ये शहराच्या व्यापारी मंडळात माप नोंदवून टाकलं: शिजल्यावर 8 मिलिमीटर. शिवाय ते शहरातल्या आसिनेल्ली मनोऱ्याच्या उंचीचा 12,270 वा भाग भरलं पाहिजे! मनोरा 97 मीटरचा, म्हणजे हिशेब जुळतो. मंडळात सोन्याची नमुना-पट्टीही जपून ठेवली आहे. ह्या पट्ट्यांवर जो खिम्याचा रस्सा घालतात, त्याचीही कृती 1982 मध्ये नोंदली गेली आणि 2023 मध्ये सुधारली गेली. आपण मुंबईत 'स्पगेटी बोलोनीज' म्हणून जे मागवतो, ते बोलोन्याचे लोक आपलं मानतच नाहीत. कोल्हापुरात कुणी 'व्हेज कोल्हापुरी' मागितलं तर जसा चेहरा होईल, तसा इथल्या वेटरचा होतो.

पुढचा थांबा चीजचा, आणि शाकाहारी वाचकांनी इथे जरा सावकाश वाचावं. पार्मिजानो रेज्जानोच्या एका चाकाला सुमारे 550 लिटर दूध लागतं. चाक चाळीसेक किलोचं. ते आधी मिठाच्या पाण्यात तीनेक आठवडे बुडतं, मग किमान 12 महिने फळीवर मुरतं. वर्ष भरलं की परीक्षक छोट्या हातोडीने त्यावर ठोकत ठोकत आवाज ऐकतो. आत पोकळी असेल तर आवाज बदलतो. माठ घेताना आपण टिचकी मारतो, तसंच. दूध, मीठ आणि विरजण, एवढ्यात हे संपलं असतं तर प्रश्नच नव्हता. पण दूध फाटवायला वासराच्या पोटातून काढलेलं द्रव्य घालतात, आणि ह्या चीजच्या नियमात तेच घालायचं असं बंधन आहे. आपल्याकडच्या चीजच्या पाकिटावर हिरवा ठिपका असतो म्हणून 'चीज म्हणजे दूध' असं आपण धरून चालतो. तिथे ते धरता येत नाही. मास्कार्पोने मात्र पनीरसारखं आंबट घालून फाडतात, त्यामुळे ते चालतं. ताजा रिकोत्ता ज्या निवळीचा करतात ती आधीच्या चीजमधली असते. ज्याचं पथ्य कडक त्याने तोही सोडावा. आमच्या सोसायटीतल्या एक जैन काकू मिलानला लेकीकडे जाऊन आल्या. त्यांना हे परतल्यावर माझ्याकडून कळलं, आणि त्या माझ्यावरच रागावल्या. आधी का नाही सांगितलंत? बरोबर आहे.

मोर्तादेल्ला ह्या गुलाबी, चरबीचे पांढरे चौकोन असलेल्या मांसाच्या कापांबद्दल एवढंच सांगतो की 1661 मध्ये एका कार्डिनलने ते कसं करावं ह्याचा हुकूम काढला होता. खाणाऱ्यांना सांगायची गरज नाही, न खाणाऱ्यांना ऐकायची नाही.

शाकाहाऱ्यांचा थांबा म्हणजे शेजारच्या मोदेनाचा बाल्सामिको. द्राक्षाचा रस आटवून लाकडी पिंपांच्या रांगेत ठेवतात. दरवर्षी मोठ्या पिंपातून लहानात, त्यातून आणखी लहानात. पारंपरिक नावाने विकायला किमान 12 वर्षं, वरच्या प्रतीला 25. चमच्यावर तीन थेंब मिळतात. काळा, दाट, आधी गोड मग आंबट. वहिनींनी ते थेंब चाटले आणि त्या दिवसात पहिल्यांदा हसल्या. "चिंचगुळाच्या चटणीचा आजोबा."

फेरीचा शेवट झाला बेडकांच्या गल्लीत. गल्लीचं नाव खरोखर तसंच आहे, व्हीकोलो रानोक्की. तिथे ओस्तेरिया देल सोले नावाचा वाइनचा गुत्ता आहे, 1465 पासूनचा. वास्को द गामा कालिकतला उतरला त्याच्या 33 वर्षं आधीचा. तेव्हा आपल्याकडे बटाटा नव्हता, मिरची नव्हती, पाव नव्हता, म्हणजे वडापावच नव्हता. बोलोन्यातही टोमॅटो नव्हता. तो ह्या गुत्त्याच्या नंतर आला.

ह्या जागेचा नियम ऐका. इथे फक्त प्यायला मिळतं. खायचं बाहेरून आणायचं. 'बाहेरचे खाद्यपदार्थ आणण्यास सक्त मनाई' ह्या पाटीखाली ज्यांचं आयुष्य गेलं, त्यांना हे पटायला वेळ लागतो. लांब लाकडी बाकं, कळकट भिंती. समोरच्या आजोबांनी कागदातून मांसाचे काप काढले. शेजारी विद्यार्थ्यांनी पावाचा भलामोठा तुकडा मोडला. आणि आमच्या वहिनींनी पिशवीतून स्टीलचा डबा काढला. थेपले आणि छुंदा. भाईंदर पूर्वेच्या औद्योगिक वसाहतींतल्या गाळ्यांत स्टीलची भांडी घडतात. तो डबा तिथलाच, ओळखीच्या गाळ्यातून किलोच्या भावात घेतलेला. झाकण उघडताना 'टक' आवाज झाला तशा शेजारच्या दोघीतिघी वळून बघू लागल्या. थेपल्याचे तुकडे टेबलभर फिरले. त्या बदल्यात वहिनींना ऑलिव्ह मिळाले.

वाइनचं थोडक्यात सांगतो. ह्या भागाची लाल वाइन लांब्रुस्को. ती फसफसते आणि थंड करून देतात, म्हणून वाइन जाणणारे काही लोक तिला नाकं मुरडतात. पण तुपकट, चरबीदार घासानंतर तोंड धुऊन काढायला आंबट आणि फसफसणारंच काहीतरी लागतं. मालवणी जेवणावर सोलकढी असते त्याच कामाला ही. हे एकदा कळलं की वाइनच्या बाकीच्या चर्चेतलं अर्धं सोडून दिलं तरी चालतं. घोट घ्या, घास घ्या, पुन्हा घोट घ्या; दुसरा घोट पहिल्याहून वेगळा लागतो. न पिणाऱ्याला कुणी आग्रह करत नाही. सराव हवा असेल तर नाशिक जवळ आहे. गंगापूर धरणाच्या बाजूला सुला वाइनरीने 1999 पासून जे उभं केलं, त्यामुळे मराठी माणसाला द्राक्षमळ्यात उभं राहून घोट घ्यायची सवय लागली. आपल्याकडे वाइनला वय 21 लागतं आणि कायद्याने परवानाही. इटलीत 18.

एक गोष्ट मनात राहून गेली. बोलोन्याच्या वाटाड्या मुलीने चीज कापताना पाच मिनिटं मिठाबद्दल सांगितलं. तिकडे किनाऱ्यावर चेर्व्हिया गावात मिठागरं आहेत, त्यांचं संग्रहालय आहे, लोक तिकीट काढून बघायला जातात. मी ऐकत होतो आणि डोळ्यांपुढे विरार लोकलची खिडकी होती. भाईंदर-नायगावच्या पट्ट्यातली मिठागरं, खाडीचं पाणी एका वाफ्यातून दुसऱ्यात घेत उन्हाने आटवणारी. 'आगर' म्हणजे मिठागर, आणि त्यावरूनच आगरी. गोडदेव, नवघर, खारी ही आमची गावं त्यांची. त्यांच्या घरातली तांदळाची भाकरी आणि खाडीच्या चिखलातल्या निवट्यांचं कालवण आमच्या इमारतीतल्या निम्म्या लोकांनी तीस वर्षांत चाखलेलं नाही. मीही पहिल्यांदा चाखलं ते बोलोन्याहून परतल्यावर, जेसल पार्कच्या खाडीवर भेटलेल्या एका मित्राच्या घरी. पुढचा भाग त्यावरच.

तोवर जाणाऱ्यांसाठी दोन गोष्टी. 15 ऑगस्टच्या आसपास जाऊ नका, तेव्हा तिकडेही सुट्टी असते आणि निम्मी दुकानं बंद असतात. आणि खालची ओळ कागदावर उतरवून पासपोर्टात ठेवा, लागेल तेवढी वाचून दाखवा: सेन्झा कार्ने, सेन्झा ब्रोदो दि कार्ने, सेन्झा स्त्रुत्तो, सेन्झा उओव्हा, सेन्झा चिपोल्ला, सेन्झा आल्यो. मांस नको, मांसाचा रस्सा नको, चरबी नको, अंडं नको, कांदा नको, लसूण नको. 'जैन की रेग्युलर?' हे तिथे तुम्हालाच आधी सांगायचं आहे.