देवांची सोयरीक

ग्रीक पुराणांच्या वाटेला प्रथमच गेलेल्या वाचकाची दमछाक होते ती तेथील नातेसंबंधांच्या गुंत्यात. झ्यूस हा हेरा देवीचा पती आणि तिचा सख्खा भाऊही, धान्यदेवता दिमीतर ही त्याची दुसरी बहीण, तिच्या पोटी त्यालाच झालेली कन्या पर्सेफनी, आणि या पर्सेफनीला पळवून नेऊन पाताळाची राणी करणारा हेडीज हा तिचा एकाच वेळी चुलता आणि मामा! इ. स. पू. 700 च्या सुमारास होऊन गेलेल्या हेसिअड या कवीने हा सारा पसारा 'थिओगनी' नावाच्या काव्यात ओळीने लावून ठेवला असून, वतनाच्या दाव्यासाठी कुळकर्ण्याने दप्तरातून वंशावळ उतरून द्यावी तशी त्याची मांडणी आहे. युरेनसला त्याच्या पुत्राने, क्रोनसने, पदच्युत केले. आपलाही वारस आपल्यावर उलटेल या भयाने क्रोनस पोटची पोरे गिळू लागला. आणि आईने धाकट्याऐवजी वस्त्रात गुंडाळलेला धोंडा पुढे केल्यामुळे वाचलेल्या झ्यूसने अखेर बापाचे राज्य घेतले. पुढे झ्यूस, पोसायडन आणि हेडीज या तिघा भावांनी चिठ्ठ्या टाकून आकाश, समुद्र आणि पाताळ अशी वाटणी केली, हे होमरने सांगितले आहे. तेथे नाते म्हणजे रक्त, आणि रक्त म्हणजे वारसाहक्क. स्पार्टाचे दोन्ही राजवंश आपले कूळ झ्यूसपुत्र हेराक्लीजपर्यंत नेऊन भिडवीत, ते याच न्यायाने.

आपल्याकडे देवांच्या गृहस्थीचा असाच विस्तीर्ण पट पाहावयाचा असेल तर बीदर-कलबुर्गीच्या सीमाभागात यावे. बीदरहून उदगीरकडे जाणाऱ्या रस्त्यावर, भालकी तालुक्यात, खानापूरचे मैलार मल्लण्णाचे देवस्थान आहे. मराठी घरांत तो खंडोबा अथवा मल्हारी, कन्नड घरांत मैलार, तर तेलुगू घरांत मल्लण्णा. चंपाषष्ठीला या तिन्ही भाषांची माणसे एकाच भंडाऱ्याने पिवळी होतात. 1956 साली राज्यपुनर्रचना झाली आणि हैदराबाद राज्यातील जुन्या बीदर जिल्ह्याचे तालुके तीन राज्यांत विभागले गेले. परंतु घराण्यांची कुलदैवते काही सरकारी हुकमाने बदलत नसतात.

या देवाचे नातेवाईक मोजू लागले की ग्रीक कथांहून एक निराळीच गोष्ट ध्यानात येते. येथे वंशावळ नाही, सोयरीक आहे. मराठी परंपरेत त्याची पट्टराणी म्हाळसा ही नेवाशाच्या लिंगायत वाण्याची कन्या आणि पार्वतीचा अवतार. दुसरी बाणाई ही चंदनपुरीच्या धनगराची लेक, जिला गंगेचे रूप मानतात. याखेरीज रंभाई शिंपीण, फुलाई माळीण आणि चंदाई भागवानीण अशा आणखी तीन राण्या गाण्यांतून येतात. देवाचा प्रधान हेगडी हा म्हाळसेचा भाऊ, म्हणजे मेहुणाच दिवाणगिरी करतो! तेलंगणात गेलो तर मल्लण्णाच्या शेजारी बलिजा मेडलम्मा आणि गोल्ल केतम्मा, अर्थात एक वाण्याची आणि एक गवळी-धनगराची, अशाच दोघी आढळतात. आणि कन्नड मुलखात गंगीमाळव्वेच्या जोडीला कुरुब, म्हणजे धनगर समाजातील, सवत असते. भाषा बदलते, नावे बदलतात. पेठेतल्या घराची एक आणि रानातल्या वाड्यावरची एक, हा हिशेब मात्र बदलत नाही.

बाणाईच्या लग्नाची कथा वाघ्या-मुरळी जागरणात मोठ्या चवीने सांगतात. सारीपाटाच्या डावात म्हाळसेकडून हरल्यामुळे देवाला बारा वर्षांचा वनवास पत्करावा लागला, तेव्हा तो म्हाताऱ्याचे सोंग घेऊन बाणाईच्या बापाकडे मेंढरे राखावयास चाकरीला राहिला. एके दिवशी त्याने सारा कळप मारून टाकला आणि मुलीचा हात मिळेल तरच मेंढरे उठवीन अशी अट घातली. नवी नवरी घेऊन स्वारी जेजुरीस परतल्यावर म्हाळसेने जो आकांत केला, जातीवरून आणि खाण्यापिण्यावरून दोघींनी एकमेकींचा जो उद्धार केला, त्याची गाणी हा लोकवाङ्मयाचा एक खुसखुशीत विभागच आहे. तंट्याचा फैसला अखेर वाटणीने झाला: म्हाळसा गडावर, बाणाई गडाच्या निम्म्या वाटेवर.

हेराची गोष्ट आठवून पाहावी. झ्यूसच्या प्रणयप्रकरणांनी तीही संतापते, पण नवऱ्यापुढे तिचे फारसे चालत नाही, आणि मग सारा सूड उगवला जातो तो बिचाऱ्या परक्या स्त्रियांवर: ईओ गाय होऊन देशोधडीला लागते, लेटोला बाळंत होण्यापुरतीही भूमी मिळेनाशी होते, पाळण्यातल्या हेराक्लीजवर सर्प सोडले जातात. गावोगावच्या जुन्या देवी झ्यूसच्या पदरी बांधल्या गेल्या म्हणून त्याच्या प्रियांची यादी लांबली, असे पंडित म्हणतात, आणि रा. चिं. ढेरे व गुंथर सोन्थायमर यांनी खंडोबाविषयी केलेले संशोधन वाचले म्हणजे येथेही निरनिराळे समाज विवाहाच्या सूत्राने एका देवाशी जोडले गेले हे पटते. मात्र म्हाळसा तोंडावर भांडते आणि आपला हिस्सा पदरात पाडून घेते. मला हा संसार हेराच्या संसारापेक्षा अधिक शहाणा वाटतो.

या पाच संसारांतून संततीचा वेलविस्तार मात्र झालेला दिसत नाही. गाणी आहेत ती लग्नाची आणि रुसव्याफुगव्याची. देवाची लेकरे येतात ती भक्तांच्या घरून, नवसाने वाहिलेली. मुलगा वाघ्या होई आणि मुलगी देवाशी लग्न लावून मुरळी होई. या दुसऱ्या चालीने कित्येक मुलींच्या आयुष्याची धूळधाण केली, हे भक्तिभावाच्या भरात विसरता कामा नये. शत्रूदेखील या गोतावळ्यात सामावला आहे. मणी आणि मल्ल या दैत्यबंधूंपैकी शरण आलेल्या मणीला देवाच्या सान्निध्यात जागा मिळाली, तर न नमलेल्या मल्लाचे मस्तक पायरीशी आले, तेही भक्तांनी तुडवावे म्हणून. झ्यूसने आपल्या शत्रूंना, टायटनांना, टार्टरसच्या अंधारात कोंडले. त्यांना देवळाच्या दारापर्यंतही येऊ दिले नाही.

कलबुर्गी जिल्ह्यातील आळंद तालुक्याच्या हद्दीपलीकडे नळदुर्ग आणि अणदूर ही तुळजापूर तालुक्यातील दोन गावे लागतात, आणि या दोहोंत मिळून खंडोबा एकच आहे. मूर्ती सुमारे सव्वादहा महिने अणदुरास आणि पावणेदोन महिने नळदुर्गास असते. पर्सेफनीचेही असेच होते: पाताळातले डाळिंबाचे दाणे तिने खाल्ल्यामुळे वर्षाचा तिसरा हिस्सा हेडीजपाशी आणि उरलेला आईपाशी राहण्याचा निवाडा झ्यूसने दिला, व ती खाली गेली की धरणी उजाड होते, असे ग्रीक मानीत. तेथे निवाडा देवांच्या राजाचा होता. येथे मूर्ती हलविताना दोन्ही गावांचे मानकरी बसून लेखी करार करतात, आणि त्या कराराची मुदत देवालाही पाळावी लागते.