मांजर आणि कुंडीतलं विष

गोंदिया हा धानाचा जिल्हा. जिथे धानाची ढोली तिथे उंदीर, आणि जिथे उंदीर तिथे मांजर. आमगाव असो की तिरोडा, आपल्याकडे मांजर नुसतं हौसेचं नाही, कामाचं जनावर आहे. आता याच घरांच्या ओसरीवर आणि शहरातल्या फ्लॅटमध्ये शोभेच्या कुंड्या आल्या आहेत. त्यातली काही झाडं मांजराला घातक असतात. कुठल्या झाडाचं भय किती, हे आज समजून घेऊ.

मांजर मांसाहारी, मग ते पाला का खातं? गवत चघळणं हा त्याचा स्वभावच आहे. घरात गवत नसलं की ते कुंडीकडे वळतं. शिवाय मांजर दिवसभर अंग चाटतं. त्यामुळे अंगाला घासलेले फुलांचे परागही त्याच्या पोटात जातात.

सगळी झाडं सारखी विषारी नसतात. मनीप्लांट, डिफेनबेकिया आणि पीस लिली ही अळूच्या, म्हणजे आपल्या धोप्याच्या कुळातली. कच्चा धोपा घशाला खाजतो, तो त्यातल्या सुईसारख्या स्फटिकांमुळे. हेच स्फटिक या झाडांतही असतात. मांजराच्या तोंडाची आग होते, लाळ गळते, उलटी होते. पण बहुधा जीव जात नाही.

कण्हेरीची गोष्ट वेगळी. पूजेच्या फुलांसाठी अंगणात लावलेली लाल कण्हेर काय किंवा पिवळी बिट्टी काय, दोन्हींतलं विष थेट हृदयाचे ठोके बिघडवतं. सायकसच्या बिया यकृत निकामी करतात. पावसाळ्यात फुलणाऱ्या कळलावीचा कंदही अतिशय विषारी आहे. ही झाडं माणसालाही तितकीच वाईट, म्हणून घरात लहान मूल असेल तरी सांभाळावं.

पण मांजराचा खरा वैरी म्हणजे लिली. लग्नसमारंभातल्या पुष्पगुच्छात येणारी, मोठ्या सुवासिक फुलांची ती खरी लिली. तिचं पान, पाकळी, परागच नव्हे, तर फुलदाणीतलं पाणीसुद्धा मांजराची मूत्रपिंडं बंद पाडू शकतं. कुत्र्याने ती खाल्ली तर पोट बिघडण्यावर भागतं. मांजराचा मात्र जीव जातो. हे नेमकं कोणत्या द्रव्यामुळे होतं, ते शास्त्रज्ञांना अजून उमगलेलं नाही. अंगणात पहिल्या पावसाला फुलणारी छोटी लिली वेगळ्या कुळातली. तिने उलट्या होतात, पण मूत्रपिंडं जात नाहीत.

लिलीचं विष फसवं असतं. सुरुवातीला मांजर उलट्या करतं, मग काही तास बरं वाटल्यासारखं दिसतं आणि एक ते तीन दिवसांत त्याची लघवी बंद होते. पहिल्या १८ तासांच्या आत सलाईन सुरू झालं, तर वाचण्याची शक्यता चांगली असते. म्हणून लक्षणांची वाट पाहू नका. पान चावलेलं किंवा मिशांना पराग लागलेले दिसताच अंग ओल्या कापडाने पुसा आणि झाडाची फांदी सोबत घेऊन पशुवैद्यकीय दवाखाना गाठा. पुढच्या तपासण्यांसाठी नागपूरला जावं लागलं, तर ते अंतर सुमारे १३० किलोमीटर आहे. तेव्हा सकाळपर्यंत थांबू, असं म्हणू नये.

घरगुती उपायही करू नयेत. मिठाचं पाणी पाजून उलटी काढायला जाल तर मिठानेच अपाय होतो. दुधाने विष उतरत नाही. आणि माणसाची पॅरासिटामॉलची गोळी तर मांजराला स्वतःच विष आहे, कारण ती पचवण्याची शक्ती त्याच्या यकृतात फार कमी असते.

मग घरात झाडंच लावू नयेत का? अवश्य लावावीत. गुलाब, अरेका पाम आणि स्पायडर प्लांट मांजराला विषारी नाहीत. एका कुंडीत मूठभर गहू पेरा. आठ-दहा दिवसांत कोवळे अंकुर येतील, ते मांजराने खुशाल खावेत. लिलीचा गुच्छ मात्र मांजराच्या घरात आणूच नये. तो उंच फडताळावर ठेवून भागत नाही, कारण मांजराला उंच असं काही नसतंच!