न्यायिक पुनर्विलोकन : तपासणी निर्णयाची की निर्णयप्रक्रियेची?

मागील घटकात आपण कार्यालयीन टिप्पणी आणि आदेश यांची भाषा अभ्यासली. अशा एखाद्या आदेशाने बँक कर्मचाऱ्याची नोकरी गेली आणि त्याने न्यायालयात दाद मागितली, तर न्यायालय नेमके काय तपासते, हे या घटकात पाहू. तुमच्यापैकी अनेकजण नोकरी सांभाळून हा अभ्यासक्रम करीत आहात. त्यामुळे विषय केवळ परीक्षेपुरता नाही.

एक कल्पित उदाहरण घेऊ. बुलढाणा जिल्ह्यातील सुलतानपूर येथे एका राष्ट्रीयीकृत बँकेची शाखा आहे असे समजा. सायंकाळच्या मोजणीत रोकड कमी भरते. रोखीची संयुक्त जबाबदारी असलेला अधिकारी आणि रोखपाल या दोघांचे निलंबन होते. पुढे दोषारोपपत्र, चौकशी आणि अखेर बडतर्फी. (‘बडतर्फ’ हा शब्द मूळ फारसी ‘बर-तरफ’, म्हणजे ‘बाजूला’. शब्द सौम्य, परिणाम मात्र अत्यंत कठोर.) अधिकारी राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ अन्वये मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे याचिका करतो, कारण बुलढाणा जिल्हा त्याच खंडपीठाच्या अधिकारक्षेत्रात येतो. ‘मी पैसे घेतले नाहीत, हे आता न्यायालयच ठरवील,’ अशी त्याची समजूत असते. नेमकी हीच समजूत चुकीची आहे.

अपिलात वरिष्ठ प्राधिकरण सामान्यतः पुरावा पुन्हा जोखू शकते आणि स्वतःचा निष्कर्ष काढू शकते. न्यायिक पुनर्विलोकनात न्यायालय निर्णयापेक्षा निर्णयापर्यंत पोहोचण्याची रीत तपासते. चौकशी सक्षम अधिकाऱ्याने केली का? आरोप स्पष्ट होते का? बाजू मांडण्याची वाजवी संधी मिळाली का? निष्कर्षाला काही तरी पुरावा आहे का? आपल्या परिभाषेने येथे थोडा घोटाळा केला आहे, हेही नोंदवले पाहिजे. न्यायालय स्वतःच्याच निकालाचा फेरविचार करते त्यालाही ‘पुनर्विलोकन’ म्हणतात आणि प्रशासनाच्या कृतीच्या न्यायालयीन तपासणीलाही. संदर्भ पाहूनच अर्थ ठरवावा.

‘पुरावा अपुरा आहे’ आणि ‘पुरावाच नाही’ ही दोन वाक्ये बोलण्यात जवळजवळ सारखी वाटतात. पुनर्विलोकनात मात्र संपूर्ण प्रकरण त्यांच्यातील अंतरावर उभे असते. विभागीय चौकशीत फौजदारी खटल्याप्रमाणे वाजवी शंकेपलीकडची सिद्धता लागत नाही. कोणती बाजू अधिक संभवनीय आहे एवढे पाहिले जाते. म्हणून ‘पुरावा अपुरा’ या तक्रारीवर न्यायालय सहसा हस्तक्षेप करीत नाही. ‘पुरावाच नाही’ किंवा कोणताही समंजस माणूस काढणार नाही असा निष्कर्ष काढला आहे, हे दाखवता आले तर करते. अशा निष्कर्षाला ‘विपर्यस्त’ म्हणावे. काही भाषांतरकार ‘विकृत’ लिहितात, ते टाळावे; त्या शब्दाला मराठीत नैतिक दोषाची छटा आहे.

पंजाब नॅशनल बँकेच्या एका शिपायाचे प्रकरण या दृष्टीने वाचण्याजोगे आहे. पोलिसांपुढे दिलेला म्हटला जाणारा कबुलीजबाब हा त्याच्याविरुद्धचा मुख्य आधार होता. चौकशीत कागदपत्रे दाखल झाली, पण त्यांतील मजकूर साक्षीने सिद्ध केला गेला नाही. डिसेंबर २००८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कारवाई टिकू दिली नाही. कागद दाखल करणे आणि कागद सिद्ध करणे या दोन भिन्न क्रिया आहेत. याच बँकेच्या १९९८ च्या दुसऱ्या एका प्रकरणात चौकशी अधिकाऱ्याने दोषमुक्त ठरवले असतानाही शिस्तभंग प्राधिकाऱ्याने परस्पर दोषी ठरवले होते. असहमत होण्यास त्याला मुभा आहे. पण त्याआधी असहमतीची कारणे कळवून कर्मचाऱ्याचे म्हणणे ऐकलेच पाहिजे, असे न्यायालयाने सांगितले.

यावरून न्यायालये नेहमी कर्मचाऱ्याच्या बाजूने उभी राहतात, असे मात्र समजू नका. बँकेत विश्वास हेच भांडवल मानले जाते. अधिकारमर्यादा ओलांडून कर्ज देणे हेच गैरवर्तन आहे, बँकेचे नुकसान झाले की नाही हा प्रश्न गौण, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये म्हटले आहे.

आता शिक्षेचा प्रश्न. ती कठोर आहे, एवढे म्हणून भागत नाही. न्यायालयाच्या विवेकाला धक्का बसावा इतकी ती विषम असावी लागते, ही कसोटी १९९५ च्या बी. सी. चतुर्वेदी प्रकरणात स्पष्ट झाली. तेव्हाही न्यायालय बहुधा फेरविचारासाठी प्रकरण परत पाठवते. स्वतः शिक्षा बदलणे हा अपवाद. आपल्या उदाहरणातील रोखपालाची स्थिती मात्र वेगळी आहे. औद्योगिक विवाद अधिनियम, १९४७ मध्ये ‘कामगार’ या संज्ञेत तो बसत असे, आणि १९७१ मध्ये त्यात घातलेल्या कलम ११-अ ने औद्योगिक न्यायाधिकरणाला पुरावा पुन्हा जोखण्याचा व बडतर्फीऐवजी सौम्य शिक्षा देण्याचा अधिकार दिला. अधिकाऱ्याला ती वाट नव्हती. तूट एकच, तिजोरी एकच. पण पदनामातील एका शब्दाने दोघांचे मार्ग वेगळे झाले.

भाषेच्या अभ्यासकांनी आणखी एक निकाल लक्षात ठेवावा. भारतीय स्टेट बँकेच्या एका कर्मचाऱ्यावरील कारवाईच्या प्रकरणात हिमाचल प्रदेश उच्च न्यायालयाचा निकाल इतका दुर्बोध होता की, सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०२२ मध्ये प्रकरण नव्याने सुनावणीसाठी परत पाठवले. न्यायमूर्ती धनंजय चंद्रचूड आणि न्यायमूर्ती ए. एस. बोपण्णा यांच्या पीठाने त्या वेळी निकालपत्र कसे लिहावे याचेही मार्गदर्शन केले : परिच्छेदांना क्रमांक द्यावेत, प्रश्न, नियम, त्याचे उपयोजन आणि निष्कर्ष असा क्रम ठेवावा, ज्याच्या आयुष्यावर निकालाचा परिणाम होतो त्याला तो समजला पाहिजे. ही अपेक्षा बँकेच्या दोषारोपपत्राकडूनही ठेवता येईल. ‘आपण बँकेच्या हितास बाधक वर्तन केले’ हे वाक्य व्याकरणदृष्ट्या निर्दोष आहे, परंतु कोणत्या दिवशी, कोणत्या खात्यात, काय केले हे त्यात नाही. त्याला उत्तर कसे देणार?

स्वाध्याय : वरील सदोष वाक्य घ्या. दिनांक, ठिकाण, कृती आणि भंग झालेला नियम यांचा स्पष्ट उल्लेख करून कल्पित तपशिलांच्या आधारे आरोप सुमारे ६० शब्दांत पुन्हा लिहा. नंतर त्याच आरोपाला कर्मचाऱ्याच्या वतीने १०० शब्दांत उत्तर तयार करा. ‘पुरावा अपुरा’ आणि ‘पुरावा नाही’ यांपैकी कोणता शब्दप्रयोग तुम्ही केला व का, हे समासात लिहा.