साक्ष आहे, मुद्देमाल नाही

कादंबरीकाराने आपल्या कल्पनेतल्या समुद्रात दिव्यांची माळ अंगावर मिरवणारा मासा सोडला, तर त्याच्याकडे कोणी दाखला मागत नाही. परंतु तसाच मासा आपण प्रत्यक्ष पाहिला असे एखाद्या प्राणिशास्त्रज्ञाने सांगितले, त्याचे शास्त्रीय नामकरणही केले आणि त्यानंतर तो मासा कोणालाच कधी आढळला नाही, तर त्याची नोंद कोणत्या दप्तरात करावी, हा मोठा नाजूक प्रश्न उभा राहतो. अमेरिकन निसर्गशास्त्रज्ञ विल्यम बीब यांनी बर्म्युडा बेटांजवळच्या खोल समुद्रातून हा प्रश्न वर आणला, आणि त्याचा निकाल अद्याप लागलेला नाही.

तोवर खोल समुद्रातील जीवसृष्टी माणसाला ठाऊक होती ती प्रामुख्याने जाळ्यांतून. आणि जाळे जहाजावर येईपर्यंत त्यातले जीव बहुधा छिन्नविच्छिन्न झालेले व त्यांचे दिवे विझलेले असत. ते जीव त्यांच्याच मुलखात जाऊन पाहावेत, या ध्यासाने बीब आणि त्यांचे सहकारी ओटिस बार्टन हे दोघे बार्टन यांनी स्वखर्चाने घडवून घेतलेल्या ‘बॅथिस्फिअर’ नामक पोलादी गोलात बसून खाली उतरू लागले. गोलाचा आतला व्यास जेमतेम साडेचार फूट, पोलादाची जाडी दीड इंच, खिडक्या तीन इंच जाडीच्या क्वार्ट्झच्या. आत प्राणवायूच्या टाक्या आणि हवा खेळती ठेवण्यासाठी ताडपत्राचे पंखे. बीब गुडघे पोटाशी घेऊन खिडकीला डोळे लावीत, दिसेल ते टेलिफोनवरून सांगत, आणि वर जहाजावर त्यांच्या सहकारी ग्लोरिया हॉलिस्टर ते शब्दशः टिपून घेत. 15 ऑगस्ट 1934 रोजी हा गोल 3028 फूट, म्हणजे सुमारे 923 मीटर, खोल गेला. हा उच्चांक पुढे 1949 साली बार्टन यांनीच मोडला.

वादाचा मासा दिसला तो त्याआधी, 1932 साली, 2100 फुटांवर, जेथे सूर्यप्रकाशाचा अंमल माणसाच्या डोळ्यांपुरता संपलेला असतो. किमान सहा फूट लांबीचे दोन मासे खिडकीपासून काही फुटांवरून गेले. अंगाच्या बाजूने फिकट निळसर दिव्यांची एकच रांग, उघड्या जबड्यात लांब दात, आणि शरीराखाली लोंबणारे दोन तंतू, ज्यांच्या टोकांशी वर तांबडा आणि खाली निळा असा दुहेरी प्रकाश. बीब यांनी त्याचे नाव ‘बॅथिस्फेरा इंटॅक्टा’ ठेवले. ‘इंटॅक्टा’ म्हणजे ज्याला कोणाचा स्पर्श झालेला नाही असा. दुसऱ्या एका वाटोळ्या माशाच्या कुशीवर त्यांना दिव्यांच्या पाच ओळी दिसल्या, त्यांतला प्रत्येक पिवळा दिवा चिमुकल्या जांभळ्या दिव्यांनी वेढलेला. त्याला त्यांनी तारकापुंजाची उपमा दिली. एल्झे बोस्टेलमन या चित्रकर्तीने, स्वतः त्या खोलीवर कधी न जाता, केवळ बीब यांच्या वर्णनांवरून या माशांची चित्रे रंगविली.

आक्षेप येणे क्रमप्राप्तच होते. मत्स्यशास्त्रज्ञ कार्ल हब्ज यांनी असे सुचविले की, उत्सुकतेने काचेला तोंड टेकलेल्या निरीक्षकाच्या श्वासाने खिडकीवर धुके साचले असावे, आणि त्यातून दिसलेला एखादा प्रकाशमान जेलीफिशसारखा जीव त्याला मासा भासला असावा. आक्षेप बोचरा होता, परंतु अन्यायाचा नव्हता. कारण प्राणिशास्त्राच्या न्यायालयात साक्षीदार कितीही सज्जन असला तरी मुद्देमाल हजर करावा लागतो, आणि बीब यांच्यापाशी त्या माशांचा एक खवलाही नव्हता.

तरीसुद्धा त्यांचे वर्णन निसर्गनियमांच्या हद्दीबाहेरचे होते असे म्हणता येत नाही. काजव्याप्रमाणेच कित्येक समुद्रजीवांच्या शरीरात ल्युसिफेरिन वर्गातील द्रव्याचा प्राणवायूशी संयोग होतो आणि त्यातून उष्णतारहित म्हणावा असा शीतल प्रकाश उपजतो. पाण्यात निळा प्रकाश सर्वांत दूरवर पोहोचत असल्यामुळे खोल समुद्रातले बहुतेक दिवे निळेच असतात. अँगलरफिशची मादी कपाळावरच्या गळासारख्या दांडीच्या टोकाला प्रकाशमान जिवाणूंचे बिऱ्हाड सांभाळते व त्या दिव्याने भक्ष्याला मुखाशी बोलावते. हॅचेटफिश पोटावरचे दिवे वरून झिरपणाऱ्या उजेडाइतकेच मंद ठेवतो, त्यामुळे खालून पाहणाऱ्या शत्रूला त्याची आकृतीच दिसत नाही. मॅलाकॉस्टियस हा मासा तर डोळ्यांखालून तांबडा प्रकाश टाकतो. तो प्रकाश खोल समुद्रातल्या बहुतेक जीवांना दिसत नाही, त्याला स्वतःला मात्र दिसतो. या तिन्ही माशांचे नमुने संग्रहालयांत आहेत, आणि कोणत्याही कल्पित माशाहून ते कमी अद्भुत नाहीत.

म्हणून माझ्या मते बीब यांच्या माशाला सिद्ध प्राण्यांच्या यादीत स्थान देऊ नये, पण त्याचे नाव खोडूनही टाकू नये. जे पाहिले ते पाहिले म्हणून नोंदविणे हे बीब यांचे कर्तव्य होते, जे सिद्ध झाले नाही ते सिद्ध न मानणे हे हब्ज यांचे; आणि ही दोन्ही कर्तव्ये निष्ठेने पार पडतात तेव्हाच ज्ञानाची सरहद्द पुढे सरकते. बीब 1962 साली त्रिनिदाद बेटावर निवर्तले. त्यांच्यानंतर पाणबुड्या आणि कॅमेरे त्यांच्याहून कितीतरी खोल जाऊन आले. बॅथिस्फेरा इंटॅक्टा मात्र अजून कोणाच्याही जाळ्यात आलेला नाही.