थाळगान ऐकलंय का कधी?

सुरगाणा, पेठ, कळवण हे आपल्याच नाशिक जिल्ह्यातले तालुके. इथल्या कोकणा आदिवासींची बोली म्हणजे कोकणा. गोव्याची कोकणी वेगळी बरं का! 🌾

या बोलीचं वैभव थाळगानात ऐकावं. काशाच्या थाळीत मधोमध मेणाने एक काडी उभी करतात. तिच्यावरून बोटं खाली ओढली की थाळी घुमते आणि त्या सुरावर कथेकरी कन्सरी या धान्यदेवीची कथा गातो. पोथी नाही, सगळं तोंडपाठ. नागली, भात, डोंगर आणि माणूस यांचं नातं पोरांना कळतं ते अशा कथांतूनच.

पण पोरं घरातच कोकणा बोलेनाशी झाली, तर कथा समजणार कोणाला? तुमच्या गावात थाळगान करणारे कोणी असतील, तर त्यांना विचारून रेकॉर्डिंग नक्की करा.

#कोकणा #थाळगान #नाशिक