जुन्या मोटारीची पुढील चाके : खडखडाटाचे निदान आणि दुरुस्ती

डिसेंबर १९८३ मध्ये मारुती ८०० ही छोटी मोटार भारतीय रस्त्यांवर आली आणि जानेवारी २०१४ मध्ये तिचे उत्पादन थांबले. या तीस वर्षांच्या काळात देशात तिची २५ लाखांहून अधिक विक्री झाली. शहरातील पहिल्या मालकाकडून दुसऱ्याकडे आणि तेथून तिसऱ्याकडे असा प्रवास करीत यांपैकी कित्येक गाड्या खेड्यापाड्यांत स्थिरावल्या. शाळेतील शिक्षक, लहान बागायतदार, निवृत्त कर्मचारी अशा कुटुंबांच्या दारी उभी असलेली ही गाडी इंजिनाच्या बाबतीत सहसा दगा देत नाही. तिच्या पुढील चाकांच्या जोडणीचे मात्र तसे नाही. पावसाळ्यातील खड्डे, गावोगावचे गतिरोधक, लाल मातीचा चिखल आणि किनारपट्टीवरील खारी हवा यांचा सारा मार या जोडणीवर पडत असतो.

मोटार वाहन कायदा, १९८८ अन्वये खाजगी मोटारीची नोंदणी पंधरा वर्षांपर्यंत वैध असते. त्यानंतर तपासणीअंती ती पाच वर्षांसाठी नूतनीकृत होऊ शकते. या वाहनाच्या बहुसंख्य धारकांना आता या तपासणीस सामोरे जावे लागते. तथापि वाहन सुस्थितीत ठेवणे केवळ कचेरीतील शिक्क्यासाठी आवश्यक असते असे नव्हे. चोर्ला किंवा अनमोड घाट उतरताना पुढील चाकाचा एखादा सांधा निखळला, तर चालकाच्या हाती काहीच उरत नाही. म्हणून या भागाची रचना, त्याच्या बिघाडाची लक्षणे आणि दुरुस्तीचा योग्य क्रम प्रत्येक वाहनधारकाने समजून घेणे इष्ट आहे.

रचना कशी असते ?

इंग्रजीत ज्यास सस्पेन्शन म्हणतात त्यास मराठीत निलंबन व्यवस्था असा प्रतिशब्द आहे. कचेरीतील मंडळींना हा शब्द निराळ्या अर्थाने परिचित असला, तरी येथे त्याचा अर्थ एवढाच की, गाडीचा सांगाडा चाकांवर थेट न ठेवता स्प्रिंगच्या आधारे तोलून धरलेला असतो.

मारुती ८०० च्या पुढील बाजूस जी रचना आहे ती अमेरिकन अभियंता अर्ल मॅकफर्सन यांच्या नावाने ओळखली जाते. १९५० च्या सुमारास फोर्ड कंपनीच्या गाड्यांतून ती प्रचारात आली. कमी भाग, कमी जागा व कमी वजन या गुणांमुळे छोट्या मोटारींच्या निर्मात्यांनी पुढे ती सर्वत्र स्वीकारली. या रचनेत प्रत्येक चाकामागे एक उभा खांब असतो, त्यास स्ट्रट म्हणतात. त्याच्या आत तेलाने भरलेला आघातशोषक, म्हणजे कारागिरांच्या भाषेतील ‘शॉकअप’, आणि बाहेरून मळसूत्री स्प्रिंग असते. खांबाचे वरचे टोक बॉनेटखाली रबरी बैठकीत बसविलेले असते. स्टिअरिंग फिरविले की चाकाबरोबर हा सारा खांबही फिरतो.

खालच्या बाजूस चाकाला धरून ठेवणारा आडवा हात म्हणजे लोअर आर्म. त्याचे आतले टोक रबरी बुशमधून सांगाड्याला जोडलेले असते. बाहेरच्या टोकाला बॉल जॉइंट असतो. मनुष्याच्या खांद्यातील उखळीच्या सांध्यासारखी त्याची घडण असल्याने चाक वर-खालीही होऊ शकते व वळूही शकते. दोन्ही बाजूंचे लोअर आर्म एका वाकविलेल्या पोलादी दांडीने परस्परांशी जोडलेले असतात. ही स्टॅबिलायझर दांडी दुहेरी काम करते. वळणावर गाडीचे कलणे ती कमी करते आणि ब्रेक दाबल्यावर चाक मागे ढकलले जाऊ लागते तेव्हा आर्मला पुढून ओढून धरते. या दांडीच्या टोकांचे रबरी बुश म्हणूनच या गाडीत लवकर झिजतात आणि त्यांचा आवाजही लवकर होतो.

आवाज काय सांगतो ?

पुढून आवाज येऊ लागला की ‘शॉकअप गेले’ असे म्हणून ते बदलण्याचा प्रघात आहे. एखाद्या शिक्षकाने महिन्याच्या पगारातून पैसे बाजूला काढून दोन्ही शॉकअप बदलून घ्यावेत आणि घरी परतताना पहिल्याच गतिरोधकावर तोच खडखडाट पुन्हा ऐकू यावा, असे पुष्कळदा घडते. दोष असतो तो सर्वांत स्वस्त अशा रबरी बुशमध्ये. अशा वेळी पैसा वाया जातोच, शिवाय खरा दोष तसाच राहतो, हे अधिक घातक होय. म्हणून भाग बदलण्यापूर्वी आवाज केव्हा, कोठे व कसा येतो, हे नीट लक्षात घ्यावे.

कमी वेगात, बारीक खडबडीत रस्त्यावर सतत खडखड होत असेल, तर प्रथम स्टॅबिलायझर दांडीच्या व लोअर आर्मच्या बुशांचा संशय घ्यावा. ब्रेक दाबताना एकदा ‘ठक्’ आणि गाडी पुन्हा पुढे निघताना पुन्हा एकदा ‘ठक्’ असा आवाज येत असेल, तर आर्म पुढेमागे सरकत आहे असे समजावे. येथेही दोष बहुधा याच बुशांचा असतो. उभ्या गाडीत स्टिअरिंग फिरविताना स्प्रिंग अडखळून झटक्याने सुटल्यासारखी वाटत असेल, तर बॉनेटखालील वरची बैठक किंवा तिच्यातील बेअरिंग निकामी झालेले असण्याचा संभव असतो. गतिरोधक ओलांडल्यानंतर गाडी झोके घेत राहणे किंवा ब्रेक लावताच तिचे नाक बरेच खाली जाणे, ही मात्र शॉकअप कमकुवत झाल्याची लक्षणे होत.

काही आवाज व लक्षणे या व्यवस्थेची नसतातच. स्टिअरिंग पूर्ण वळवून गाडी चालविताना एका लयीत येणारी ‘कटकट’ ही चाकाला गती देणाऱ्या ड्राइव्ह शाफ्टच्या बाहेरील सांध्याची असते. विशिष्ट वेगाला पोहोचल्यावरच स्टिअरिंग थरथरत असेल, तर आधी चाकांचे बॅलन्सिंग करून घ्यावे. गाडी एका बाजूस ओढत असेल, तर सर्वप्रथम दोन्ही टायरांतील हवा मोजावी व नंतर एखादा ब्रेक चिकटत नाही ना, ते पाहावे.

टायरची झीजही पुष्कळ काही सांगते. दोन्ही कडा झिजणे म्हणजे हवा कमी आणि केवळ मध्यभाग झिजणे म्हणजे हवा जास्त. एकच कड झिजत असेल, तर चाकाचा कल किंवा दिशा बिघडलेली असते. टायरवर आडवा तळहात फिरविला असता एका दिशेने गुळगुळीत व उलट दिशेने करवतीसारखे खरखरीत लागले, तर अलाइनमेंट चुकलेली आहे असे समजावे. जागोजागी खळगे पडल्यासारखी झीज दिसल्यास शॉकअप व बॅलन्सिंग दोन्ही तपासावीत.

घरच्या घरी तपासणी

ही तपासणी दोघांनी मिळून करावी. गाडी सपाट व कठीण जमिनीवर उभी करावी, हँडब्रेक ओढावा, गाडी गिअरमध्ये ठेवावी आणि मागील चाकांना पुढून व मागून दगड लावावेत. केवळ जॅकच्या भरवशावर गाडीखाली कधीही शिरू नये. गाडी उचलल्यावर सांगाड्याखाली भक्कम स्टँड लावावा. विटा किंवा चिरे यांवर विसंबू नये, भार पडताच ते फुटू शकतात.

चाक अधांतरी झाल्यावर त्यास घड्याळातील बारा व सहा या आकड्यांच्या जागी दोन्ही हातांनी धरून आत-बाहेर हलवावे. हालचाल जाणवल्यास सोबत्याला ब्रेक दाबून धरण्यास सांगावे. ब्रेक दाबताच हालचाल नाहीशी झाली, तर दोष चाकाच्या बेअरिंगचा असतो. ती कायम राहिल्यास बॉल जॉइंट किंवा वरची बैठक संशयित ठरते. त्यानंतर चाक तीन व नऊच्या जागी धरून हलवावे. येथे ढिलेपणा आढळल्यास टाय रॉडची टोके किंवा स्टिअरिंगचा रॅक तपासावा.

बॉल जॉइंटसाठी लोअर आर्म व चाकाचा आधार यांच्यामध्ये टॉमी घालून हलकेच उचलून पाहावे. मॅकफर्सन रचनेत स्प्रिंगचा भार या सांध्यावर येत नसल्यामुळे चाक लोंबकळत असताना त्याची झीज उघड होते. सांध्यावरील रबरी टोपी फाटलेली असल्यास सांधा अद्याप घट्ट असला तरी त्यात पाणी व माती शिरू लागली आहे आणि त्याचे आयुष्य संपत आले आहे, असे समजावे.

शॉकअपची परीक्षा म्हणून गाडीचा पुढचा कोपरा जोराने दाबून सोडण्याची पद्धत आहे. कोपरा वर येऊन लगेच स्थिर व्हावा. परंतु एवढ्यावर निर्णय करू नये, कारण आत अडकलेला शॉकअपही या परीक्षेत उत्तीर्ण होतो. त्याच्या अंगावर तेल ओघळलेले आहे काय व दांडा वाकलेला आहे काय, हे डोळ्यांनी पाहावे. पुसटसा ओलावा व धूळ ही काळजीची बाब नव्हे. ओघळ दिसल्यास मात्र शॉकअप बदलणे भाग आहे.

किनारपट्टीवरील गाड्यांच्या बाबतीत आणखी एक तपासणी अत्यावश्यक आहे. वरची बैठक ज्या पत्र्यावर बसते तो पत्रा आणि लोअर आर्म जेथे जोडला जातो ती जागा गंजलेली नाही ना, हे उजेडात पाहावे. पत्राच पोखरलेला असेल, तर नवे भाग घालून काहीच साधत नाही. तेथे प्रथम कुशल पत्राकाम हवे.

दुरुस्ती करताना

स्टॅबिलायझर दांडीचे बुश बदलणे हे सोपे व अल्पखर्चाचे काम आहे. गाडीचा खडखडाट पुष्कळदा एवढ्यानेच थांबतो. मात्र आर्म व दांडी यांच्या रबरी बुशांचे बोल्ट अखेरचे आवळताना गाडी चाकांवर उभी असावी. चाक लोंबकळत असताना ते आवळल्यास गाडी खाली येताच रबर पिळले जाते व अल्पावधीत फाटते. नवे बुशही टिकत नाहीत अशी जी तक्रार ऐकू येते, तिचे मूळ अनेकदा या एका चुकीत असते.

बॉल जॉइंटच्या बाबतीत काटकसर करू नये. या गाडीत तो लोअर आर्मलाच जोडलेला असतो व आर्मसह बदलावा लागतो. जुन्या आर्मवर वेल्डिंग करून किंवा ठोकून सांधा घट्ट करण्याचे उपाय सुचविले जातात, ते सर्वथा टाळावेत. तापविल्याने पोलादाचे बळ घटते आणि ठोकलेला सांधा केव्हा निसटेल याचा नेम नसतो. तो निसटला की चाक बाहेरच्या बाजूस आडवे होते आणि स्टिअरिंगचा ताबा त्याच क्षणी सुटतो. टाय रॉडच्या टोकांनाही हाच नियम लागू आहे. या सांध्यांच्या नटांत जेथे स्प्लिट पिन असते तेथे दर वेळी नवीनच घालावी, जुनी सरळ करून पुन्हा वापरू नये.

शॉकअप नेहमी डावा-उजवा असे जोडीने बदलावेत. एक नवा व एक जुना ठेवल्यास ब्रेक लावताना व वळणावर गाडी असमान वागते. स्ट्रट उतरविताना ब्रेकची रबरी नळी आधी मोकळी करून घ्यावी व तिच्यावर ताण पडू देऊ नये. येथे एक धोका ठळकपणे सांगणे आवश्यक आहे. बॉनेटखाली बैठकीच्या कडेचे नट सोडविले की स्ट्रट निघतो, परंतु मधला मोठा नट दाबलेल्या स्प्रिंगला रोखून धरीत असतो. स्प्रिंग आवळणारी दोन हत्यारे समोरासमोर लावून ती पुरती दाबल्याखेरीज हा नट सोडविल्यास स्प्रिंग उसळून जीवघेणी इजा होऊ शकते. हे काम साधने असलेल्या कारागिराकडेच सोपवावे. दोरीने किंवा तारेने स्प्रिंग बांधून नट सोडविणाऱ्याकडे गाडी देऊ नये.

दुरुस्तीनंतर

शॉकअप, लोअर आर्म किंवा टाय रॉड यांपैकी काहीही बदलले तरी चाकांची अलाइनमेंट करून घेणे अपरिहार्य आहे, अन्यथा नवे टायर काही महिन्यांतच एका कडेने झिजतात. काढलेले जुने भाग मागून घेऊन स्वतः पाहावेत. सांधा हाताने फिरवून पाहिल्यास निदान बरोबर होते की नाही, हे वाहनधारकास सहज उमगते. त्यानंतर परिचयाच्याच खडबडीत रस्त्यावर गाडी सावकाश चालवून आवाज थांबला काय, ते ऐकावे आणि परतल्यावर चाकांचे नट पुन्हा एकदा आवळून पाहावेत.

वर्षातून दोनदा, मृगाच्या पावसापूर्वी व पावसाळा ओसरल्यावर, ही तपासणी केल्यास बहुतेक दोष स्वस्तातल्या अवस्थेतच हाती लागतात. दुसरी तपासणी दसऱ्याच्या आधी करावी. त्या दिवशी गाडी धुऊन-पुसून तिला झेंडूचा हार घालण्याची रीत घरोघरी आहे. हार घालण्यापूर्वी पुढील चाकांच्या मागे एकदा बॅटरीचा उजेड टाकून बॉल जॉइंटची रबरी टोपी फाटलेली नाही एवढे पाहून घेतले, तर वर्षभराचा घाटरस्ता निर्धास्तपणे पार करता येईल.